मंचुरियन : पत्ता चर्चगेटचा

प्रश्न : मंचुरियन मूळ चीनचं की आपल्याकडचं? घरी केलं की कोबीचे गोळे तेलात सुटतात आणि ग्रेव्ही कधी पातळ, कधी खळीसारखी होते. कुठे चुकतं? (एक वाचक, मिरज)

उत्तर : नाव चीनच्या ईशान्येकडच्या मंचुरियाचं असलं तरी तिकडे हा पदार्थ कुणी करत नाही. तिथल्या हार्बिन शहराकडे डुकराच्या मांसाचे पातळ काप बटाट्याच्या स्टार्चमध्ये घोळवून तळतात आणि आंबटगोड पाकातून काढतात. आपल्या मंचुरियनशी त्याचं नातं एवढंच, की दोन्ही तळलेले.

आपलं मंचुरियन मुंबईचं. कोलकात्यात जन्मलेले चिनी वंशाचे नेल्सन वाँग १९७५ साली चर्चगेटच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात स्वयंपाक करत होते. एका गिऱ्हाइकानं मेनूकार्डाबाहेरचं काहीतरी मागितलं, अशी त्यांनीच सांगितलेली हकीकत आहे. त्यांनी आलं, लसूण, हिरवी मिरची बारीक चिरून तेलात टाकली. इथवर आपल्या रश्शाचीच तयारी. मग गरम मसाल्याला फाटा देऊन सोया सॉस घातला आणि त्यात चिकन टाकून कॉर्नफ्लोअरनं रस दाट केला. १९८३ मध्ये त्यांनी केम्प्स कॉर्नरला ‘चायना गार्डन’ काढलं. कोबी, फ्लॉवर, पनीर ही पुढची भर, आणि आज गाडीवर खपतं ते मुख्यतः हेच. चिकनचं मूळ मंचुरियन त्यापुढे मागे पडलंय, हे मात्र जरा अन्यायाचंच.

आता गोळ्यांचं. कोबीला मीठ लागलं की पाणी सुटतं. ते पाणी आवरायला आपण मैदा वाढवत जातो आणि गोळा बाहेरून दगड, आतून पिठूळ होतो. म्हणून २५० ग्रॅम कोबी अगदी बारीक चिरा, पाऊण छोटा चमचा मीठ लावून १० मिनिटं ठेवा आणि मुठीत घट्ट पिळा. मगच ३ मोठे चमचे मैदा, २ मोठे चमचे कॉर्नफ्लोअर, आलं-लसूण आणि मिरची घाला. पाणी अजिबात नको. मिश्रण तयार झालं की लगेच तळायला घ्या. पडून राहिलं की पुन्हा ओलसर होतं. आधी एकच गोळा सोडून बघा. तेल पुरेसं तापलेलं नसेल तर तो विरघळतो, फार कडक तापलं असेल तर वरून काळा, आत कच्चा राहतो. सोडल्यावर अर्धा मिनिट झारा लावू नका, कवच धरू द्या.

ग्रेव्हीसाठी दीड कप पाण्याला १ मोठा चमचा कॉर्नफ्लोअर पुरतं. ते पाव कप थंड पाण्यात कालवा, कारण गरम पाण्यात गुठळ्या होतात. ओतण्याआधी पुन्हा ढवळा. स्टार्च तळाशी बसतो, मग वरचं पाणीच कढईत जातं आणि ‘पातळ झालं’ म्हणून आपण आणखी घालतो. तुमची खळी होते ती इथेच. रस उकळून पांढुरकेपणा जाऊन चकाकी आली, की गॅस बंद. व्हिनेगर १ छोटा चमचा, तेही सगळ्यात शेवटी, कारण आंबट घालून उकळत ठेवलं की दाटपणा मोडतो. सोया सॉस खारट असतो, तेव्हा दीड मोठा चमचा घालून आधी चव घ्या, मग मीठ. गोळे वाढायच्या वेळीच सोडा. ड्राय हवं असेल तर पाणी पाव कपावर आणा आणि कॉर्नफ्लोअर १ छोटा चमचा.

प्रश्न : गाडीवरच्यासारखा लालभडक रंग घरी कसा येईल? (एक वाचक, म्हापसा)

उत्तर : येऊ देऊ नका. मार्च २०२४ मध्ये कर्नाटकानं गोबी मंचुरियनमधल्या कृत्रिम रंगांवर बंदी घातली. तपासणीत रोडामाइन-बीसारखे कापड रंगवायचे रंगही सापडले होते. तुमच्या म्हापशाच्या नगरपालिकेनं तर त्याच वर्षी स्टॉलवरचं गोबी मंचुरियनच बंद केलं. घरी २ ब्याडगी मिरच्या गरम पाण्यात भिजवून वाटा आणि आलं-लसणाबरोबर तेलात परता. रंग तांबूस येतो, तिखटपणा फारसा वाढत नाही.