ड्रोनच्या पंख्याखालची हवा कॉम्प्युटरवर अभ्यासायची तर सुरुवात कुठून करू?

तुम्ही लिहिलंय की नागपुरात मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला आहात, संत्र्याच्या बागेत फवारणी करणाऱ्या ड्रोनचा प्रोजेक्ट घेतलाय आणि चारही पंखे, टाकी, झाड असं सगळं एकदमच ओपनफोममध्ये (हवेच्या प्रवाहाचं गणित करणारं सॉफ्टवेअर) चालवायचंय. मी याच शहरात, याच विषयावर एम.टेक. केलं. माझं ऐकाल तर आधी दोन पात्यांचा एकच पंखा घ्या, एका जागी तरंगणारा.

सगळी मेख पात्याच्या टोकाशी आहे. पात्याखाली दाब जास्त, वर कमी, म्हणून टोकावरून हवा खालून वर वळते आणि भोवरा सुटतो. तो खाली आणि आत सरकत जातो, अर्ध्या फेऱ्यात दुसऱ्या पात्याच्या जरा खालून निघतो आणि त्या पात्याच्या टोकाजवळचा भार बदलून टाकतो. गणितासाठी हवेचे छोटे तुकडे पाडतात, ते सेल, आणि त्यांचं जाळं म्हणजे मेश. माझ्या पहिल्या मेशवर हा भोवरा पात्याच्या मागे लगेच हरभऱ्याएवढा घट्ट दिसायचा, पाव फेऱ्यात पसरायचा आणि दुसरं पातं येईपर्यंत नुसता फिकट डाग उरायचा. खऱ्या हवेत तो इतक्या लवकर विरत नाही. माझ्या मोठ्या सेलनी त्याला विरवलं होतं. सॉल्व्हर (समीकरणं सोडवणारा प्रोग्राम) मात्र व्यवस्थित कन्व्हर्ज होत होता, म्हणजे उत्तर स्थिरावत होतं, त्यामुळे दोन आठवडे मी उगाच टर्ब्युलन्स मॉडेल (हवेच्या खळबळीचं गणित) बदलत बसलो. भोवऱ्याच्या वाटेवरचे सेल बारीक केले, तेव्हा कुठे आकडे जुळायला लागले.

जुळवायचे कशाशी? कॅराडोना आणि टुंग या संशोधकांच्या, नासाने 1981 मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगाशी. दोन सरळ, पीळ नसलेली पाती, नाका 0012 छेद (पात्याचा एक प्रमाणित, वरून-खालून सारखा आकार), आणि पात्यावर पाच ठिकाणी मोजलेला दाब. थ्रस्ट (पंख्याचा एकूण उचल-जोर) जुळला म्हणून खूश होऊ नका, त्यात चुका एकमेकींना खाऊन टाकतात. टोकाजवळचा, 96 टक्के त्रिज्येवरचा दाब जुळतो का ते बघा.

आणखी एक. या प्रयोगाची तुलना झाली की हवेची समुद्रसपाटीची घनता, घनमीटरला 1.225 किलो, तशीच ठेवू नका. आपलं शहर समुद्रसपाटीपासून 310 मीटरच्या आसपास, मे महिन्यात 45 अंश, म्हणजे घनता 1.06 च्या जवळपास येते. तेवढंच वजन उचलायला पंख्याला 7 टक्के जास्त वेगाने फिरावं लागतं. फवारणी उन्हाळ्यात असेल तर बॅटरीचं गणित इथेच बदलतं.

एक पंखा झाला की मेशचा स्क्रीनशॉट इथे टाका, मग झाडाकडे वळू.