धड वाजवताही न येणारी शाळकरी पोरं 'यू-टू'सारखा मोठा बँड कशी झाली?

तुमचा प्रश्न असा की यू-टू या आयर्लंडच्या रॉक बँडमध्ये उस्ताद म्हणावा असा एकही वादक नाही, मग हा बँड एवढा वर गेला तो नशिबाने की मार्केटिंगमुळे? मी हौशी गिटारवाला आहे, आणि माझ्या मते धड वाजवता येत नव्हतं हेच त्यांच्या पथ्यावर पडलं. दुसरं कारण रुक्ष आहे: पैशाची वाटणी. मार्केटिंग फार नंतर आलं.

सुरुवात 1976 च्या सप्टेंबरातली. डब्लिनच्या माउंट टेंपल शाळेत लॅरी मलन या ड्रम वाजवणाऱ्या 14 वर्षांच्या मुलाने नोटीस बोर्डावर चिठ्ठी लावली, बँड काढायचाय, कोण येतंय? पोरं त्याच्या घरी स्वयंपाकघरात जमली, ड्रमही तिथेच. दहा मिनिटं तो माझा बँड होता, मग बोनो आत आला, असं लॅरी गमतीत सांगतो. बोनो म्हणजे पुढचा गायक. त्याची गिटार यथातथाच, गळाही तेव्हा कच्चा, पण तोंडाने सगळ्यांना भारी. ॲडम क्लेटनकडे स्वतःचा बेस (खालच्या सुरांची गिटार) आणि ॲम्प्लिफायर होता, 'गिग' (म्हणजे कार्यक्रम) वगैरे शब्द तो झोकात फेकायचा, फक्त बेस वाजवता येत नव्हता! चौथा डेव्हिड एव्हन्स, म्हणजे पुढचा 'एज'. त्याचा मोठा भाऊ डिकही होता, तो 1978 मध्ये बाहेर पडला.

दुसऱ्यांची गाणी जमेनात, म्हणून स्वतःची रचायला लागले. पंकचा, म्हणजे सफाईपेक्षा जोशाला मान देणाऱ्या रॉकचा जमाना असल्यामुळे ते खपूनही गेलं.

आता एजची गिटार, कारण तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर तिथे आहे. त्याने 'मेमरी मॅन' नावाचं एक एको युनिट घेतलं. वाजवलेला सूर ते थोड्या वेळाने पुन्हा ऐकवतं. बहुतेक गिटारवाले एको मिठासारखा चवीपुरता वापरतात, एजने त्यालाच जोडीदार केलं. समजा लय मिनिटाला 120 ठोक्यांची आहे, म्हणजे ठोका 500 मिलिसेकंदांचा. एको ठेवायचा पाऊण ठोक्यावर, 375 वर. तुम्ही दर अर्ध्या ठोक्याला, म्हणजे 250 मिलिसेकंदांनी एकेक सूर छेडलात की प्रत्येक एको बरोबर पुढच्या दोन सुरांच्या मधल्या फटीत येऊन बसतो. हात साधं वाजवतोय, ऐकणाऱ्याला मात्र दुप्पट वेगाची झळाळती नक्षी ऐकू येते. 'व्हेअर द स्ट्रीट्स हॅव नो नेम'ची सुरुवात हेडफोन लावून ऐका, हे लगेच कळेल. यात एक मेख आहे. लय जरा हलली की सगळा चिखल होतो, त्यामुळे लॅरीला घड्याळासारखं वाजवणं भागच. आणि गिटार वरच्या पट्टीत घुटमळत असल्याने खालची सगळी जागा ॲडमला मोकळी मिळते. सोलो मारत सुटणारा बोटांचा जादूगार त्या जागी असता, तर हा आवाज जन्मलाच नसता.

आता पैसा. 1978 च्या मार्चमध्ये लिमरिकला एक स्पर्धा जिंकून त्यांना 500 पौंड आणि डेमो (नमुना) रेकॉर्डिंगची संधी मिळाली. त्याच वर्षी पॉल मॅकगिनेस मॅनेजर झाला. त्याच्या सल्ल्याने चौघांत सगळं समान वाटायचं ठरलं. चाल कुणालाही सुचलेली असो, संगीताचं श्रेय 'यू-टू'चं. किती बँड 'हे गाणं माझं' या भांडणात संपले ते आठवा. यांचं मूळ चौघांचं टोळकं टिकलं, यात या वाटणीचा वाटा मी निम्म्याहून जास्त धरतो.

चढण सरळ नव्हती. सीबीएस या रेकॉर्ड कंपनीच्या लंडन ऑफिसने त्यांना नाकारलं, त्यामुळे 1979 चं पहिलं रेकॉर्ड फक्त आयर्लंडमध्ये निघालं. 1980 च्या मार्चमध्ये आयलंड रेकॉर्ड्सने करार केला आणि ऑक्टोबरात 'बॉय' हा पहिला अल्बम आला. 1981 मध्ये तर बँड मोडायचीच वेळ आली होती. ॲडम सोडून बाकी तिघे 'शालोम' नावाच्या ख्रिस्ती प्रार्थनागटात गुंतले होते, आणि रॉक आणि श्रद्धा एकत्र नांदतात का, या विचाराने बोनो आणि एज बाहेर पडायला निघाले. मॅकगिनेसने त्यांच्याशी धर्मचर्चा केली नाही. दौऱ्याचे करार झालेत, लोकांना शब्द दिलाय, एवढंच सांगितलं. मॅनेजर असावा तर असा.

1983 मध्ये 'वॉर' हा अल्बम ब्रिटनमध्ये पहिल्या नंबरवर गेला. त्याच जूनमध्ये अमेरिकेत डेन्व्हरजवळच्या रेड रॉक्स या खुल्या रंगमंचावरच्या कार्यक्रमावर धो-धो पाऊस. चित्रीकरणात बँडने स्वतःचेही पैसे घातलेले, रद्द करा म्हणणारेही होते, पण हे अडून बसले. धुकं, मशाली आणि भिजलेले प्रेक्षक असं जे चित्रीकरण झालं, त्याने अमेरिकेत त्यांचं नाव घरोघरी पोचवलं.

मग 13 जुलै 1985, लंडनच्या वेम्ब्ली स्टेडियमवरचा लाइव्ह एड, म्हणजे दुष्काळग्रस्तांच्या मदतीसाठीचा मोठा कार्यक्रम. 'बॅड' हे गाणं बारा मिनिटांच्या आसपास लांबलं, कारण बोनो मध्येच स्टेजवरून उतरून एका मुलीबरोबर नाचायला गेला. तो कुठे गेला हे बाकीच्यांना दिसेना, बिचारे वाजवत राहिले. तिसरं गाणं 'प्राइड' राहूनच गेलं. आपण संधी घालवली या समजुतीने सगळे वैतागलेले. प्रत्यक्षात त्यानंतर त्यांचे जुने अल्बम पुन्हा ब्रिटिश चार्टवर आले. याला मात्र मी नशीब म्हणेन, तुमचा तेवढा मुद्दा मान्य.

1987 च्या मार्चमध्ये 'द जोशुआ ट्री' हा अल्बम आला. अडीच कोटींच्या आसपास प्रती, अमेरिकेत पहिला नंबर, 'टाइम'च्या मुखपृष्ठावर फोटो, पुढच्या वर्षी अल्बम ऑफ द इयरचं ग्रॅमी. ऐकायला सुरुवात करणार असाल तर मात्र 'बॉय'पासून करा. त्यात त्यांचा कच्चेपणा आणि तो एको, दोन्ही उघडे दिसतात.