नमुने घेण्याआधी छेद वाच

प्रिय,
अनेक आशीर्वाद.

उत्खननातलं भूपुरातत्त्वाचं, म्हणजे मातीच्या थरांवरून जागेचा इतिहास वाचण्याचं, काम तुझ्याकडे आलंय, हे वाचून बरं वाटलं. नमुने किती घ्यायचे, असं तू विचारलं आहेस. आधी प्रत्येक थरासमोर उभं राहून एवढंच विचार: ही माती इथे आली कशी? पाण्याने आणली, वाऱ्याने आणली, माणसाने टाकली, की जागेवरच तयार झाली? या प्रश्नाला ज्याचा उपयोग नाही, तो नमुना पिशवीतच पडून राहतो.

छेद, म्हणजे खड्ड्याची उभी कापलेली भिंत, साफ करताना वरून खाली ये, म्हणजे साफ झालेल्या भागावर माती सांडत नाही. नमुने मात्र खालून वर घे. वरची माती पडलीच तर आधीच नमुना घेतलेल्या जागी पडेल. छेदावर पाण्याचा हलका फवारा मार आणि मन्सेल तक्त्यावरून (रंगांच्या क्रमांकित नमुन्यांच्या पुस्तिकेवरून) रंग ओल्या मातीचा लिही. सुकी माती फिकट दिसते. एका थराचा रंग ओला आणि दुसऱ्याचा सुका लिहिलास तर तुलनाच होत नाही. दोन थरांमधली सीमा नीट बघ. 2 सेंमीच्या आत बदल झाला असेल तर धूप, भराव किंवा तयार केलेली जमीन शोध. 5 ते 15 सेंमीत हळूहळू बदलत असेल, तर मृदा बनण्याची प्रक्रिया किंवा गांडुळांची उलथापालथ असण्याची शक्यता जास्त.

10 टक्के हायड्रोक्लोरिक आम्लाचा थेंब टाकल्यावर माती फसफसली, तर त्यात कार्बोनेट आहे. ते राखेतलं, शिंपल्यातलं, की नंतर झिरपून साचलेलं, हे फेसावरून कळत नाही. तिथे पातळ छेदच, म्हणजे सूक्ष्मदर्शकाखाली बघायचा मातीचा अगदी पातळ काप, लागतो.

त्यासाठी कुबिएना डबा (मातीचा अखंड ठोकळा काढायचा धातूचा डबा) थराच्या मधोमध नव्हे, सीमेवर बसव. दोन्ही थर एकाच ठोकळ्यात आले पाहिजेत. डबा ठोकून घुसवू नकोस, कण हलतात. चाकूने भोवतीची माती कापत तो हळूहळू आत सरकव. काढण्याआधीच वरची बाजू बाणाने दाखव, क्रमांक घाल, फोटो काढ आणि जागा रेखाटनावर नोंदव. मग टिश्यू कागद आणि प्लॅस्टिकच्या पट्टीने घट्ट गुंडाळ. बाण राहिला, तर ठोकळा जवळजवळ वाया गेला म्हणून समज: चिकणमातीचे थर कोणत्या दिशेने साचले, तेच सांगता येत नाही.

चिकणमाती जास्त असेल तर ठोकळा भट्टीत वाळवू देऊ नकोस. तो आकसून तडकतो आणि त्या भेगा मूळच्या वाटतात. अशा ठोकळ्यातलं पाणी ॲसिटोनने काढणं बरं. नंतर निर्वात पात्रात रेझिन मुरवून काप 30 मायक्रॉनपर्यंत घासतात. ध्रुवीकृत प्रकाशात क्वार्ट्झ पांढुरका-राखाडी दिसायला हवा; पिवळा दिसला तर काप अजून जाड आहे. शेणातले बारीक कॅल्साइट गोलक इथेच सापडतात. ते आम्लधर्मी मातीत विरघळतात, म्हणून ते नाहीत एवढ्यावरून ‘गुरं नव्हती’ असं लिहू नकोस. आधी सामू मोज.

भेगाळ काळ्या मातीत जास्त सावध राहा. उन्हाळ्यात भेगा खोल जातात, वरचं खापर किंवा कोळसा खाली घसरतो आणि पावसात माती फुगून भेग मिटते. छेदात संशय येण्यासारखं काही दिसत नाही. अशा ठिकाणी सुट्या कोळशाच्या एका तुकड्यावर कालमापन टेकवू नकोस.

बाकीचं थोडक्यात. 550 अंशांवर जाळून सेंद्रिय द्रव्य मोजताना चिकणमातीतलं बांधलेलं पाणीही जातं आणि आकडा फुगतो. चुंबकीय ग्रहणशीलता (माती चुंबकाला किती प्रतिसाद देते ते) जळक्या जागी वाढते, पण बेसॉल्टपासून बनलेल्या मातीत ती मुळातच जास्त असते. म्हणून वस्तीबाहेरचेही नमुने घेच. ओएसएलची, म्हणजे कणांना शेवटचा उजेड कधी लागला ते सांगणाऱ्या कालमापनाची, नळी अपारदर्शक हवी आणि पूर्ण भरलेली हवी. अर्धवट भरली तर आतली माती हलून टोकाचे उजेड लागलेले कण मधल्यांत मिसळतात. नळीशेजारची माती हवाबंद पिशवीत वेगळी घे. ओलाव्याशिवाय किरणोत्साराची मात्रा काढता येत नाही.

छेदाचं 1:10 प्रमाणातलं रेखाटन पाठव, थरांच्या सीमा आणि मुळांच्या वाटा दाखवून. डब्यांच्या जागा आणि संख्या त्यावरून ठरवू.