नामांकने अधिक, तरी मान दुसऱ्याला

प्रश्न : २०१७ च्या ऑस्कर सोहळ्यात 'ला ला लँड'ला १४ नामांकने होती, दिग्दर्शनाचा पुरस्कारही त्यालाच मिळाला, तरी सर्वोत्कृष्ट चित्रपट 'मूनलाइट' ठरला. हे कसे घडते?

उत्तर : नामांकन आणि विजय हे दोन स्वतंत्र मतदानांचे निकाल असतात. बहुतेक विभागांतील नामांकने ऑस्कर देणाऱ्या अकादमीच्या त्या त्या शाखेचे सदस्य ठरवतात, म्हणजे अभिनेते अभिनयाची आणि संकलक संकलनाची. अंतिम फेरीत मात्र अकादमीचे सर्व मतदार सदस्य सर्व विभागांत मत देऊ शकतात. इतर विभागांत सर्वाधिक मते मिळवणारा जिंकतो, परंतु सर्वोत्कृष्ट चित्रपटासाठी मतदार पसंतीक्रम लिहितात. पहिल्या पसंतीची निम्म्याहून अधिक मते कोणालाच मिळाली नाहीत, तर सर्वांत कमी मतांचा चित्रपट बाद होतो आणि त्याच्या मतपत्रिका पुढील पसंतीच्या चित्रपटाकडे जातात; एखादा चित्रपट निम्म्याचा टप्पा ओलांडेपर्यंत हे चालू राहते. त्यामुळे काहींना अतिशय आवडलेल्या, पण अनेकांनी तळाशी ठेवलेल्या चित्रपटापेक्षा बहुतेकांनी दुसऱ्या-तिसऱ्या क्रमांकावर ठेवलेला चित्रपट पुढे जाऊ शकतो. मतांचे आकडे अकादमी जाहीर करत नाही, म्हणून त्या वर्षी नेमके हेच घडले असे म्हणता येणार नाही. तरीही, दहा चित्रपटांतून एक निवडताना मला ही पद्धत अधिक न्याय्य वाटते. अंतिम फेरीत मत देण्यासाठी त्या विभागातील सर्व नामांकित चित्रपट पाहिलेले असावेत, हा नियम २०२५ मध्ये जाहीर झाला. तो फार आधीच यायला हवा होता.