‘कोलँजायटिस’ला मराठीत ‘पित्ताशयदाह’ म्हटले तर चालेल का?

वडिलांच्या डिस्चार्ज कार्डावर ‘कोलँजायटिस’ असे लिहिले आहे, त्याचा नेमका अर्थ काय, डॉक्टर हा शब्द केव्हा वापरतात आणि नातेवाइकांना सांगताना किंवा अर्जात लिहिताना त्याला ‘पित्ताशयदाह’ म्हटले तर चालेल का, असे आपण विचारले आहे. शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आधी देते: चालणार नाही. या एका शब्दापायी आमच्या घरी विमा कंपनीशी चार महिने पत्रव्यवहार झाला आणि माझ्या थोरल्या मेहुण्यांशी, म्हणजे दाजींशी, सुरू झालेला वाद अजून मिटलेला नाही. त्यामुळे उत्तर थोडे लांबेल.

शब्दाची फोड अवघड नाही. ग्रीक भाषेत ‘खोले’ म्हणजे पित्त आणि ‘अँजिऑन’ म्हणजे वाहिनी किंवा पात्र. अँजिओग्राफी आणि अँजिओप्लास्टी या घरोघरी पोहोचलेल्या शब्दांतला ‘अँजिओ’ तो हाच. शेवटचे ‘आयटिस’ सूज दाखवते. म्हणून कोलँजायटिस म्हणजे पित्त वाहून नेणाऱ्या नळीची सूज. पित्ताशयाच्या सुजेला वेगळा शब्द आहे, कोलेसिस्टायटिस, आणि त्यातला ‘सिस्ट’ म्हणजे पिशवी. पिशवी आणि नळी हे दोन निराळे अवयव आहेत, त्यांचे आजार निराळे आहेत आणि त्यांवरचे उपचारही निराळे आहेत. इंग्रजीत दोन्ही शब्द कानाला जवळचे वाटतात, म्हणून मराठीत आणताना दोघांना एकाच खुंटीला टांगण्याची चूक होते.

मराठीतली दुसरी अडचण याहून मोठी आहे. आपल्या बोलण्यातले ‘पित्त’ म्हणजे यकृतात तयार होणारा हिरवट पिवळा रस नव्हे. आपल्याला पित्त होते तेव्हा छातीत जळजळते आणि आंबट उलटी होते, अंगावर पित्त उठते तेव्हा गांधी येतात आणि पित्त खवळते तेव्हा समोरच्याची खैर नसते. त्यात ‘दाह’ या शब्दाचा मराठी माणसाच्या मनातला पहिला अर्थ आग किंवा जळजळ हाच असतो. रुग्णांसाठीची माहितीपत्रके आणि संमतीपत्रके मराठीत आणण्याचे काम मी बरीच वर्षे करते आहे. एकदा ‘पित्तनलिकादाह’ हा शब्द मी शेजारच्या काकूंना वाचून दाखवला आणि त्यांना काय समजले ते विचारले, तर त्या म्हणाल्या, “काही नाही गं, कोकम सरबत घ्यायचं.” ज्या आजारात उशीर झाला तर माणूस दोन दिवसांत हातचा जाऊ शकतो, त्याचे नाव ऐकून कोणाला कोकम सरबत आठवत असेल, तर ते नाव व्याकरणात कितीही शुद्ध असले तरी कामाचे नाही.

आता आमच्या आप्पांविषयी, म्हणजे माझ्या वडिलांविषयी. २००५ साली दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेने त्यांचे पित्ताशय खड्यांसह काढून टाकले होते. पुढे ११ वर्षे त्यांना त्या बाजूचा काही त्रास झाला नाही. २०१६ च्या ऑगस्टमध्ये तासगावच्या घरी एका रात्री जेवण झाल्यावर त्यांना अशी हुडहुडी भरली की तीन गोधड्या घातल्या तरी खाट हलत होती. पावसाळ्याचे दिवस आणि थंडी वाजून ताप, त्यामुळे मलेरियासाठी रक्त तपासले गेले. त्यात काही निघाले नाही. उजव्या बरगडीखाली दुखते असे ते सांगत होते, पण आदल्या दिवशी त्यांनी परड्यात लाकडे फोडली होती आणि सगळ्यांनी दुखण्याचा दोष लाकडांना दिला. तिसऱ्या दिवशी डोळे पिवळे झाले आणि लघवी कोऱ्या चहासारखी होऊ लागली. दाजींनी कावीळ ठरवून टाकली. उसाचा रस, फुटाणे आणि बिनतेलाचे जेवण सुरू झाले आणि काविळीची माळ घालणाऱ्या एका गृहस्थांकडे आप्पांना रिक्षाने नेऊन आणण्यात आले. मी दाजींना दूरध्वनीवर म्हटले की थंडी वाजून ताप चालूच आहे, तेव्हा ही नेहमीची कावीळ वाटत नाही. त्यावर ते म्हणाले, “पित्ताशय तर केव्हाच काढलं आहे, आता तिथे दुखायला शिल्लक काय आहे?”

शिल्लक नळी होती. चौथ्या दिवशी मी पुण्याहून पोहोचले तेव्हा आप्पांनी मला माझ्या आत्याच्या नावाने हाक मारली आणि पेरणी झाली का असे विचारले. त्यांचा रक्तदाब खाली गेला होता. तासाभरात आम्ही मिरजेच्या वाटेला लागलो.

तिथल्या डॉक्टरांनी तपासता तपासता तीन प्रश्न विचारले: ताप थंडी वाजून येतो का, पोट उजव्या बाजूला वर दुखते का, डोळे केव्हापासून पिवळे आहेत. या तीन लक्षणांची सांगड पॅरिसच्या शार्को या डॉक्टरांनी १८७७ साली घातली आणि आजही ती त्यांच्याच नावाने ओळखली जाते. १९५९ साली रेनॉल्ड्स आणि डार्गन या अमेरिकी डॉक्टरांनी तीत आणखी दोन लक्षणांची भर घातली, रक्तदाब कोसळणे आणि शुद्ध हरपत जाणे. आप्पांमध्ये पाचही लक्षणे होती. बिलिरुबिन, म्हणजे काविळीत रक्तात वाढणारे पिवळे रंगद्रव्य, जे एकाच्या आसपास असायला हवे, ते ९ च्या पुढे होते. सोनोग्राफीत पित्तवाहिनी १४ मिलिमीटर रुंद झालेली दिसली. एरवी ती ६ मिलिमीटरच्या आसपास असते; पित्ताशय काढलेल्या माणसात थोडी जास्त भरते, पण इतकी नाही. तिच्या खालच्या टोकाशी खडा अडकलेला होता.

डॉक्टरांनी औषधाच्या चिठ्ठीच्या मागे एक आकृती काढून आम्हाला समजावले, ते मी तेव्हापासून अनेकांना सांगत आले आहे. पित्त तयार होते यकृतात, रोज सुमारे पाऊण ते एक लिटर. पित्ताशय म्हणजे त्यातले थोडेसे साठवण्याची पिशवी. पिशवी काढली तरी यकृताचे काम थांबत नाही. पित्त नळीने सरळ लहान आतड्यात उतरत राहते. खडे पिशवीतच होतात हाही गैरसमज आहे, कारण पित्त तुंबले की ते नळीतही तयार होतात, आणि कधी शस्त्रक्रियेच्या वेळी एखादा नळीत सरकून मागे राहिलेला असतो. अशा खड्याने नळीचे तोंड बंद झाले की पित्त साचते, आतड्यातले जंतू त्यात वाढतात, नळीतला दाब चढतो आणि त्या दाबाने जंतू यकृतातून थेट रक्तात ढकलले जातात. म्हणून थंडी वाजते, म्हणून रक्तदाब कोसळतो आणि म्हणूनच नुसत्या अँटिबायोटिकवर भागत नाही. मोरी तुंबल्यावर वरून कितीही फिनेल ओतले तरी अडकलेला बोळा काढल्याशिवाय पाणी जात नाही.

त्याच रात्री ईआरसीपी केली, म्हणजे तोंडातून दुर्बीण लहान आतड्यापर्यंत नेऊन पित्तवाहिनीचे तोंड मोकळे केले. पित्ताबरोबर पू बाहेर आला. आप्पांची प्रकृती इतकी नाजूक होती की खडा काढत बसण्याऐवजी आधी प्लास्टिकची बारीक नळी, म्हणजे स्टेंट, आत ठेवून वाट करून दिली. खडा नंतर, सहा आठवड्यांनी काढला. तिसऱ्या दिवशी आप्पांनी मला माझ्या नावाने हाक मारली आणि भाकरी मागितली.

इथपर्यंतची कथा वैद्यकीय आहे. शब्दाची कथा घरी आल्यावर सुरू झाली. विम्याचा अर्ज दाजींनी भरला. ते निवृत्त संस्कृत शिक्षक आहेत, अक्षर मोत्यासारखे आहे आणि मराठीत इंग्रजी शब्द आला की त्यांना जेवणात खडा आल्यासारखे होते. त्यांचे तर्कशास्त्र असे होते की पित्ताचे स्थान पित्ताशय, सुजेला शास्त्रीय शब्द दाह, म्हणून आजार पित्ताशयदाह. इंग्रजी रकान्यात त्यांनी याच शब्दाचे परत भाषांतर करून ‘कोलेसिस्टायटिस’ लिहिले. कार्डावर पाहून उतरवण्याचे कष्ट घेतले नाहीत, कारण त्यांच्या मते अर्थ एकच होता. तीन आठवड्यांनी कंपनीचे पत्र आले: आपल्याच कागदपत्रांनुसार रुग्णाचे पित्ताशय २००५ साली काढलेले आहे, तर २०१६ मध्ये त्याच पित्ताशयाला सूज कशी आली, याचा खुलासा करावा. मला कंपनीचा राग आला नाही. प्रश्न अगदी योग्य होता. आजारांच्या आंतरराष्ट्रीय सांकेतिक यादीच्या दहाव्या आवृत्तीत कोलेसिस्टायटिसचा क्रमांक के ८१ आहे, कोलँजायटिसचा के ८३.० आहे आणि पित्तवाहिनीतल्या खड्यामुळे झालेल्या कोलँजायटिसचा के ८०.३ आहे. अर्जात एक आजार, रुग्णालयाच्या कागदावर दुसरा आणि जुन्या फायलीत अवयवच नाही! डॉक्टरांचे खुलाशाचे पत्र, जुन्या शस्त्रक्रियेचा अहवाल आणि दुरुस्त अर्ज एवढे सगळे पाठवून पैसे मिळेपर्यंत डिसेंबर उजाडला.

दाजी अजूनही म्हणतात की चूक मराठीची नव्हती, कंपनीत मराठी जाणणारे कोणी नव्हते ही होती. मला हे मान्य नाही. मराठीत पिशवीला आणि नळीला वेगवेगळे शब्द आहेत, सुजेलाही शब्द आहेत, आणि मराठी विश्वकोशाने ‘दाहयुक्त सूज’ असा शब्दप्रयोग करून नुसत्या ‘दाह’ने होणारा घोटाळा टाळला आहे. आयुर्वेदातून आलेला ‘शोथ’ही आहे. त्यामुळे लेखात किंवा शिकवताना ‘पित्तवाहिनीशोथ’ लिहावे. घरच्यांशी बोलताना ‘पित्ताच्या नळीत खडा अडकून जंतुसंसर्ग झाला’ असे सरळ सांगावे. आणि अर्जात डॉक्टरांनी लिहिलेला शब्द आहे तसा, अक्षर न अक्षर उतरवावा. अर्ज ही आपले भाषाप्रभुत्व दाखवण्याची जागा नाही. भाषांतर करणारी बाई हे सांगते आहे, यावरूनच काय ते समजावे.

माझ्याच पर्यायाला एक मर्यादा आहे, ती आता सांगते. ‘जंतुसंसर्ग’ हे वर्णन आप्पांना झालेल्या तीव्र कोलँजायटिसला लागू पडते. परंतु ‘प्रायमरी स्क्लेरोझिंग कोलँजायटिस’ आणि ‘प्रायमरी बिलिअरी कोलँजायटिस’ हे वर्षानुवर्षे हळूहळू वाढणारे आजार आहेत. त्यांचे मूळ ना खड्यात ना जंतूंत. दुसऱ्यात तर शरीराची प्रतिकारशक्तीच यकृतातल्या बारीक पित्तवाहिन्यांवर उलटते. या दुसऱ्या आजाराचे नाव २०१५ पर्यंत ‘प्रायमरी बिलिअरी सिऱ्होसिस’ असे होते. पुष्कळ रुग्णांना सिऱ्होसिस, म्हणजे यकृत निबर होण्याचा आजार, झालेलाच नसतो आणि त्या शब्दामुळे लोक उगाच दारूचा संशय घेतात, म्हणून रुग्णांनीच आग्रह धरून ते बदलून घेतले. तेव्हा आपल्या वडिलांच्या कार्डावर ‘कोलँजायटिस’च्या आधी कोणता शब्द आहे ते आवर्जून पाहावे. ‘अॅक्यूट’, म्हणजे तीव्र, असेल तर वर लिहिलेले लागू आहे. ‘प्रायमरी’ असेल तर यातले फारसे काही लागू नाही आणि आपल्या डॉक्टरांनाच विचारावे, कारण मी डॉक्टर नाही. प्रत्येक कावीळ म्हणजे कोलँजायटिस नव्हे, आणि प्रत्येक कोलँजायटिसमध्ये शार्को यांची तिन्ही लक्षणे दिसतीलच असेही नाही. म्हणून तर टोकियोला ठरलेल्या निकषांत लक्षणांबरोबर रक्ततपासणी आणि सोनोग्राफीसारख्या चित्रतपासण्याही धरल्या जातात.

हा आजार पुन्हा होऊ शकतो. आत स्टेंट ठेवला असेल तर तो बदलण्याची किंवा काढण्याची तारीख कार्डावर शोधावी, कारण प्लास्टिकचा स्टेंट काही महिन्यांत तुंबतो आणि तेच दुखणे परत उभे राहते. आमच्या कार्डावर ती तारीख अगदी शेवटच्या ओळीत होती. दाजींनी ‘स्टेंट’चे भाषांतर ‘जाळी’ असे करून ठेवल्यामुळे आप्पा सहा आठवडे भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला आपल्या हृदयाचे ऑपरेशन झाले असे सांगत होते, आणि लोक त्यांच्या छातीकडे पाहून हळहळत होते.