भाऊजी घरी येताहेत, आधी काय करू?

प्रश्न: माझे दीर सहा वर्षांची शिक्षा पुरी करून पुढच्या महिन्यात इंदूरच्या सेंट्रल जेलमधून सुटताहेत. त्यांचा मुलगा नऊ वर्षांचा. बाबा दुबईला आहेत असंच त्याला सांगितलंय. सासूबाई म्हणतात, आल्या आल्या सत्यनारायण घालून सगळ्यांना बोलवू. कशाकशाची तयारी करावी?
— एक वाचक, रामबाग, इंदूर

उत्तर: ताई, पूजा महिनाभर पुढे ढकला. सहा वर्षं ज्यांचं उठणं-जेवणं गिनतीवर, म्हणजे जेलमधल्या कैद्यांच्या मोजणीवर चाललं, त्यांना पन्नास माणसांत बसवलं की ते मागच्या खोलीत जाऊन बसतात, आणि नातलग म्हणतात, बघा, बोलतसुद्धा नाहीत. पहाटे गिनतीच्या वेळेला जाग येईल. बंद दारापाशी कुणी उघडेल म्हणून थांबतील. दिवा मालवला तर कदाचित झोप लागणार नाही, कारण बरॅकीत तो रात्रभर जळतो. टोकू नका. ‘काय खाल?’ यापेक्षा ‘पोहे करू की उपमा?’ असं विचारा. घराची किल्ली मात्र पहिल्याच दिवशी हातात द्या.

मुलाला आजच सांगा, नाहीतर गल्लीतलं एखादं पोर सांगेल. ‘बाबा दुबईला नव्हते, जेलमध्ये होते, शिक्षा संपली, आता येताहेत,’ एवढं पुरे. खोटं आपण मोठ्यांनी सांगितलं हेही कबूल करा. तो राग वडिलांवर निघायला नको. गुन्ह्याबद्दल विचारलं तर ते त्यांनाच सांगू द्या.

कागदांचा क्रम चुकला की फेऱ्या वाढतात. सुटकेच्या दाखल्याच्या चार-पाच झेरॉक्स काढून मूळ प्रत घरीच ठेवा. पहिलं काम सिमचं. ९० दिवस न वापरलेला नंबर बंद होऊ शकतो, पुढे दुसऱ्याला मिळतो आणि बँकेचा ओटीपी त्या परक्या माणसाकडे जातो. नवा नंबर आधार केंद्रावर बोटांचे ठसे देऊन जोडता येतो. जुना लागत नाही. मग बँक: दोन वर्षं व्यवहार नसलेलं खातं निष्क्रिय होतं, पण केवायसी दिली की विनाशुल्क सुरू होतं. त्यानंतर समग्र आयडी, म्हणजे मध्य प्रदेश सरकारच्या कुटुंब-नोंदणीचा नंबर. आठ अंकी कुटुंब आयडीत त्यांचं नाव अजून आहे का बघा. ते निघालं असेल तर राशनच्या पात्रता पर्चीचं काम तिथेच अडेल. मतदार यादीतून नाव गेलं असेल तर नमुना ६ भरा.

लायसन्सची मुदत संपून वर्ष उलटलं असेल तर पुन्हा टेस्ट द्यावी लागते. तोवर स्कूटर मागितली तरी देऊ नका, चालानाचं निमित्त आत्ता नको.