गढूळ पाणी, तुरटी आणि बोअरचे क्षार

प्रश्न : पावसाळ्यात पाणी गढूळ येतं. चौपदरी फडक्यातून गाळलं तरी रंग तसाच. तुरटी फिरवल्यावर कधी निवळतं, कधी नाही. असं का?
(एक वाचक, सिंहगड रस्ता)

उत्तर : वाळू, काडीकचरा हे निलंबन, म्हणजे पाण्यात न विरघळता मिसळलेले मोठे कण. ते फडक्यावर अडकतं, नाहीतर तळाशी बसतं. गढूळपणा टिकवते ती चिकणमाती. तिचे कण दोन मायक्रॉनहून (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) लहान, फडक्याची भोकं त्याच्या कित्येक पट मोठी. शिवाय सगळ्या कणांवर ऋण विद्युतभार असल्याने ते एकमेकांना दूर लोटतात आणि एकत्र येऊन जड होत नाहीत. हे झालं कलिल. अंधारात ग्लासवर टॉर्च धरा, उजेडाचा पट्टा पाण्यात स्पष्ट दिसेल.

तुरटीतले ॲल्युमिनियमचे आयन (धन विद्युतभार असलेले कण) हा भार मारतात. पाण्यात विरघळलेल्या बायकार्बोनेट क्षारांशी क्रिया होऊन ॲल्युमिनियम हायड्रॉक्साइडचे चिकट पुंजके बनतात आणि माती घेऊन खाली बसतात.

खडा फिरवताना तुरटी किती गेली ते कळत नाही, गोची तिथेच आहे. १० ग्रॅम तुरटीची पूड पाण्यात विरघळवून द्रावण १ लिटर करा. चार बरण्यांत प्रत्येकी एक लिटर गढूळ पाणी घ्या आणि त्यांत ते द्रावण अनुक्रमे २, ३, ४ आणि ५ मिली घाला. मिनिटभर जोरात, मग दहा मिनिटं अगदी हळू ढवळा. जोर केलात तर धरलेले पुंजके फुटतात. अर्धा तास हलवू नका. ज्या सर्वांत कमी मात्रेत पाणी निवळलं, ती तुमची मात्रा. ३ मिली ठरली तर २० लिटरच्या बादलीला ६० मिली.

तुरटी फार झाली तर कणांवर उलटा धनभार चढू शकतो, पाणी गढूळच राहतं, चवही तुरट होते. गच्चीवर साठवलेल्या पावसाच्या पाण्यात बायकार्बोनेट जवळपास नसतं, त्यामुळे पुंजके नीट धरत नाहीत. तिथे बादलीला चिमूटभर खाण्याचा सोडा आधी घाला.

वरचं पाणी अलगद काढून घ्या आणि पिण्यासाठी उकळाच. निवळलेलं पाणी निर्जंतुक झालेलं नसतं.

प्रश्न : मग बोअरच्या पाण्यातले क्षारही तुरटीने जातील का?
(एक वाचक, वाघोली)

उत्तर : नाही. ते खरं द्रावण आहे. क्षार आयनांच्या रूपात विरघळलेले असतात, बसण्याजोगे कणच नाहीत. उकळल्यावर फक्त कॅल्शियम-मॅग्नेशियमच्या बायकार्बोनेटचा भाग साका होऊन बसतो. पातेल्यातला पांढरा थर तोच, व्हिनेगरने निघतो.